डीआरएमच्या सिस्टिम फाइली: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

गाणी, सिनेमे आणि मालिकांवरचं डीआरएम (डिजिटल राइट्स मॅनेजमेंट, म्हणजे परवानगीशिवाय त्या उघडू नयेत म्हणून लावलेलं डिजिटल कुलूप) सांभाळणाऱ्या ज्या फाइली विंडोज, अँड्रॉइड, लिनक्स किंवा ब्राउझरमध्ये असतात, त्यांच्याबद्दल लोक नेहमी विचारतात ते प्रश्न इथे घेतले आहेत. फाइलींची नावं आणि कमांड देवनागरीत लिहिल्या आहेत. पडद्यावर त्या रोमन अक्षरांत दिसतील आणि टाईपही तशाच कराव्या लागतील.

ही फाइल नेमकं काम काय करते?

ओटीटीवरचा सिनेमा तुमच्यापर्यंत येतो तो एन्क्रिप्ट होऊन, म्हणजे चावीशिवाय उलगडता येणार नाही अशा रूपात. बहुतेक सेवा त्यासाठी कॉमन एन्क्रिप्शन नावाची एकच प्रमाणित पद्धत आणि 128 बिटांची एईएस चावी वापरतात. असा कुलूपबंद व्हिडिओ सगळ्यांना सारखाच मिळतो. चावी मात्र लायसन्स (म्हणजे बघण्याची परवानगी) देणाऱ्या सर्व्हरवर असते आणि ती मागायला तुमच्या यंत्रातली डीआरएमची फाइल जाते. आपण कोण, कुठल्या यंत्रात आहोत आणि तिथे सुरक्षेची पातळी काय, हे ती सर्व्हरला पटवून देते. पटलं तर चावी मिळते. मग ही फाइल चावी स्वतःजवळ दडवून ठेवते, व्हिडिओ उलगडते आणि पुढे पाठवते. ती चावी प्लेयरला दिसत नाही, ब्राउझरला दिसत नाही, आणि यंत्राचे मालक म्हणून तुम्हालाही दिसत नाही.

आज तीन घराणी चालतात: गूगलचं वाइडवाइन (ही कंपनी गूगलने डिसेंबर 2010 मध्ये घेतली), मायक्रोसॉफ्टचं प्लेरेडी आणि ॲपलचं फेअरप्ले. त्याआधी विंडोजवर विंडोज मीडिया डीआरएम होतं आणि नेटवर 'फाइल सापडत नाही' म्हणून जी ओरड दिसते त्यातली बरीच अजून त्याचीच आहे.

एक गोष्ट आत्ताच सांगून ठेवतो, कारण पुढे ती पुन्हा पुन्हा लागेल. या फाइलीचं मोल तिच्यातल्या कोडपेक्षा तिच्या ओळखीत असतं, आणि ती ओळख त्या एका यंत्राशी बांधलेली असते.

'डीआरएमव्ही2सीएलटी.डीएलएल मिसिंग' असा मेसेज येतो. नेटवरून ती फाइल उतरवून सिस्टिम32 मध्ये टाकू का?

नको.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामना लागणारा कोड ठेवलेली विंडोजची फाइल, आणि सिस्टिम32 हा विंडोजचा अशा फाइलींचा मुख्य फोल्डर. 'फ्री डीएलएल डाउनलोड' म्हणणाऱ्या साइटवरची फाइल कुठल्या विंडोजमधून उचलली आहे, कुठल्या आवृत्तीची आहे आणि वाटेत तिच्यात कुणी काय घातलं आहे, हे कळायला मार्ग नाही. सिस्टिम32 मधली फाइल कुठलाही प्रोग्राम विश्वासाने उचलतो, म्हणून मालवेअर पसरवणाऱ्यांची ही आवडती वाट आहे. त्यात आणखी एक घोळ होतो. 64 बिट विंडोजमध्ये 64 बिटच्या फाइली सिस्टिम32 मध्ये असतात आणि 32 बिटच्या सिस्वाऊ64 मध्ये. नावं बघून उलटं वाटतं, आणि लोक हमखास चुकीच्या फोल्डरमध्ये फाइल टाकतात.

पण फाइल अगदी शुद्ध मिळाली तरी उपयोग नाही. दुसऱ्याच्या कॉम्प्युटरवरची डीआरएमची फाइल आणणं म्हणजे दुसऱ्याचं आधार कार्ड घेऊन रेशनच्या रांगेत उभं राहण्यासारखं आहे. कार्ड खरं असेल, पण अंगठा जुळणार नाही. लायसन्सं जुन्या ओळखीवर दिलेली असतात, ती नव्या फाइलीला उघडता येत नाहीत.

मग दुरुस्ती कशी करायची?

आधी तुटलंय काय ते बघा. विंडोजची स्वतःची फाइल बिघडली असेल तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडा आणि 'एसएफसी /स्कॅननाऊ' चालवा. ती अडली तर 'डीआयएसएम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ' चालवून मग पुन्हा एसएफसी. या कमांड मायक्रोसॉफ्टच्याच साठ्यातून मूळ फाइल आणतात. ब्राउझरमधला भाग बिघडला असेल तर त्याच्यासाठी वेगळा प्रश्न खाली आहे. एखादाच जुना प्रोग्राम तक्रार करत असेल, तर तो काढून पुन्हा इन्स्टॉल करा. आणि विंडोजची 'एन' आवृत्ती असेल, म्हणजे युरोपच्या बाजारासाठी काढलेली, तर तिच्यात मीडियाचे भाग मुळातच नसतात. सेटिंग्जमधल्या ऑप्शनल फीचर्समधून मीडिया फीचर पॅक घालावा लागतो. युरोपातून लॅपटॉप घेऊन परतलेल्यांच्या बाबतीत ही शंका सगळ्यात आधी काढून टाकावी.

फाइल खरी की खोटी, हे बघायला तिच्यावर राइट क्लिक करून प्रॉपर्टीज उघडा आणि डिजिटल सिग्नेचर्सचा टॅब पाहा. तिथे गूगल किंवा मायक्रोसॉफ्टचं नाव दिसलं तर उत्तम. विंडोजच्या काही फाइलींवर हा टॅबच दिसत नाही, कारण त्यांची सही वेगळ्या कॅटलॉग फाइलीत असते. त्यामुळे टॅब नाही म्हणून लगेच डिलीट करू नका.

जुन्या एक्सपी मशीनमध्ये 'ब्लॅकबॉक्स.डीएलएल' सापडली. हा व्हायरस आहे का?

नाव संशयास्पद आहे खरं, पण फाइल मायक्रोसॉफ्टचीच. विंडोज मीडिया डीआरएममध्ये लायसन्स सांभाळण्याचं काम डीआरएमव्ही2सीएलटीकडे होतं, वेबपेजवरून लायसन्स मिळवण्याचं काम एमएसनेटओबीजेकडे, आणि गुपित जपण्याचं काम या ब्लॅकबॉक्सकडे.

हिची गंमत अशी की ती प्रत्येक कॉम्प्युटरवर वेगळी घडवली जाई. कडक सुरक्षेचं एखादं गाणं पहिल्यांदा वाजवायला गेलं की विंडोज मीडिया प्लेयर 'सिक्युरिटी अपग्रेड'ची परवानगी मागायचा. 'हो' म्हटलं की कॉम्प्युटरच्या हार्डवेअरची माहिती मायक्रोसॉफ्टच्या सर्व्हरकडे जायची आणि तिथून खास त्याच यंत्रासाठी बनवलेला डबा उतरायचा. इंडिव्हिज्युअलायझेशन म्हणतात ते हेच. मदरबोर्ड बदलला की ओळख बदलली, आणि मग पैसे देऊन घेतलेली गाणीसुद्धा गप्प. त्यावर तेव्हाचा नेहमीचा उपाय म्हणजे ऑल युजर्सखालच्या लपलेल्या डीआरएम फोल्डरचं नाव बदलायचं आणि नवा फोल्डर आपोआप तयार होऊ द्यायचा. प्लेयर पुन्हा चालायला लागे, मात्र जुनी सगळी लायसन्सं गेलेली असत. प्लेयरच्या 11 व्या आवृत्तीत तर मायक्रोसॉफ्टने लायसन्सचा बॅकअप घेण्याची सोयही काढून टाकली. ग्राहकाच्या बाजूने पाहिलं तर हे सरळसरळ मागे जाणं होतं.

माझ्याकडे त्या काळातली विकत घेतलेली डब्ल्यूएमए (विंडोज मीडिया ऑडिओ) गाणी आहेत. विंडोज 10 किंवा 11 वर वाजतील?

कुलूपबंद असतील तर नाही. 2016 च्या ॲनिव्हर्सरी अपडेटपासून विंडोज 10 मध्ये विंडोज मीडिया डीआरएमचा आधार काढला आहे. सप्टेंबर 2024 मध्ये मायक्रोसॉफ्टने विंडोज 7 आणि 8 वरच्या प्लेयरला आणि सिल्व्हरलाइटला (ब्राउझरमध्ये व्हिडिओ चालवणारा मायक्रोसॉफ्टचा जुना जोडभाग) लागणाऱ्या जुन्या डीआरएम सेवाही मोडीत निघाल्याचं जाहीर केलं. इथे कुठलीही डीएलएल कामाची नाही, कारण लायसन्स देणारी सेवा तुमच्या मशीनमध्ये कधी नव्हतीच.

हे अचानक घडलं असंही नाही. एमएसएन म्युझिक या मायक्रोसॉफ्टच्या गाण्यांच्या दुकानाच्या ग्राहकांना 2008 मध्ये मेल आली की ऑगस्टअखेर लायसन्सचे सर्व्हर बंद होतील, त्यानंतर नव्या कॉम्प्युटरवर गाणी उघडणार नाहीत. बोंब झाली तेव्हा कंपनीने मुदत 2011 च्या अखेरीपर्यंत वाढवली. याहू म्युझिकनेही 2008 मध्येच दुकान आवरलं. 2019 मध्ये मायक्रोसॉफ्टने ई-पुस्तकांचं दुकान बंद केलं तेव्हा लोकांनी घेतलेली पुस्तकं त्यांच्या यंत्रांतून नाहीशी झाली; पैसे परत मिळाले, एवढाच काय तो दिलासा. संगीताच्या धंद्याला मात्र लवकर शहाणपण आलं. आयट्यून्सने जानेवारी 2009 मध्ये गाण्यांवरचं कुलूप काढत असल्याचं जाहीर केलं, आणि आज विकत घेतलेलं गाणं साधारणपणे मोकळं मिळतं. सिनेमावाले अजून तिथे आलेले नाहीत.

क्रोममध्ये ओटीटी चालत नाही, 'एम7701-1003' असा एरर येतो. काय करू?

वाइडवाइनचा भाग गायब आहे किंवा जुना झाला आहे. क्रोम आपला आपण तो उतरवतं. विंडोजवर त्याचं नाव वाइडवाइनसीडीएम.डीएलएल. ॲड्रेस बारमध्ये 'क्रोम://कंपोनंट्स' टाका, यादीत वाइडवाइन कंटेंट डिक्रिप्शन मॉड्यूल शोधा आणि अपडेट तपासण्याचं बटण दाबा. नाहीच जमलं तर क्रोम पूर्ण बंद करा, युजर डेटामधला वाइडवाइनसीडीएम फोल्डर काढा, क्रोम सुरू करून पुन्हा तेच बटण दाबा. फायरफॉक्समध्ये सेटिंग्जमध्ये डीआरएम असलेला मजकूर चालू देण्याचा चौकोन आहे, त्यावर टिक केलेली असावी. फाइल तुमच्या प्रोफाइलमधल्या जीएमपी-वाइडवाइनसीडीएम फोल्डरमध्ये येते.

या डीएलएलशेजारी .सिग शेपटीची आणखी एक फाइल दिसेल. ती उडवू नका. आपण ज्या ब्राउझरमध्ये चालतो त्याच्याशी छेडछाड झालेली नाही याचा पुरावा वाइडवाइन मागतं, आणि तो पुरावा या सह्यांवर उभा असतो. दोन मित्रांनी मिळून बनवलेल्या छोट्या ब्राउझरमध्ये नुसती डीएलएल कॉपी करून नेटफ्लिक्स का चालत नाही, त्याचं उत्तर इथेच आहे. गूगलशी करार हवा, सही हवी. खुल्या वेबवर नवा ब्राउझर काढायला आता दुसऱ्या ब्राउझर कंपनीची परवानगी लागते, हे मला तरी खटकतं. ब्राउझर आणि या बंद डब्याला जोडणारं ईएमई नावाचं मानक 18 सप्टेंबर 2017 रोजी डब्ल्यू3सी या वेबची मानकं ठरवणाऱ्या संस्थेने 108 विरुद्ध 57 मतांनी मंजूर केलं, आणि त्याच दिवशी ईएफएफ या डिजिटल हक्कांच्या संस्थेने डब्ल्यू3सीचा राजीनामा दिला. भांडण याच मुद्द्यावर होतं.

घरात दोन फोन, प्लॅन एकच. एकावर एचडी दिसतं, दुसऱ्यावर धुरकट. नेट तर तेच आहे!

नेटचा दोष नाही. वाइडवाइनच्या तीन पातळ्या आहेत. एल1 मध्ये चावीचं काम आणि व्हिडिओ उलगडण्याचं काम, दोन्ही प्रोसेसरच्या सुरक्षित कप्प्यात होतं. अँड्रॉइडची मुख्य सिस्टिमही तिथे डोकावू शकत नाही. एल2 मध्ये चावी आत, व्हिडिओ बाहेर. एल3 मध्ये सगळं साध्या सॉफ्टवेअरवर. नेटफ्लिक्ससारख्या सेवा एचडी फक्त एल1 ला देतात. एल3 ला बहुधा 480पीवर समाधान मानावं लागतं. तुमचा फोन कुठल्या पातळीचा आहे, ते 'डीआरएम इन्फो' ॲपमध्ये किंवा नेटफ्लिक्सच्या ॲप सेटिंग्जमधल्या प्लेबॅक स्पेसिफिकेशनमध्ये कळतं.

आता फाइलीकडे येऊ. अँड्रॉइडमध्ये हे काम व्हेंडर फोल्डरातली लिबओईएमक्रिप्टो.एसओ करते. एल1 च्या फोनची ही फाइल उचलून एल3 च्या फोनमध्ये टाकायचे प्रयोग पुष्कळांनी केले आणि फोन बूट लूपमध्ये, म्हणजे पुन्हा पुन्हा नुसतं सुरू होत राहण्याच्या चक्रात, अडकवून घेतले. कारण एल1 ची ताकद त्या फाइलीत नसते, कीबॉक्समध्ये असते. कीबॉक्स म्हणजे 128 बाइटांचा छोटासा ऐवज: त्यात यंत्राची ओळख, यंत्राची चावी आणि थोडी जोडमाहिती. तो कारखान्यातच सुरक्षित जागेत बसवला जातो.

कारखान्यात राहून गेलं तर काय होतं, याची दोन उदाहरणं भारतातल्या ग्राहकांना आठवत असतील. पोको एफ1 ऑगस्ट 2018 मध्ये आला तेव्हा किमतीच्या मानाने प्रोसेसर जबरदस्त होता, पण वाइडवाइन एल3. लोकांचे टोमणे वर्षभर चालले नाहीत, कारण 2019 च्या सुरुवातीलाच अपडेटमधून एल1 मिळालं. वनप्लस 5 आणि 5टीच्या वेळी गोष्ट वेगळी होती. तिथे साध्या अपडेटने भागलं नाही. ज्याला एल1 हवं त्याने फोन कंपनीकडे पाठवायचा, तंत्रज्ञ तो केबलने जोडून काम करणार, मग फोन परत! दोन-चार किलोबाइटसुद्धा नसलेल्या ऐवजासाठी अख्खा फोन कुरियरने जातो, यावरून ही ओळख किती चिकटून असते ते दिसतं.

उलटी वाटही आहे. बूटलोडर (फोन सुरू करणारा मूळ प्रोग्राम) अनलॉक केला की काही फोन एल3 वर घसरतात. सोनीच्या जुन्या एक्सपीरिया फोनांत तर अनलॉक करताच डीआरएमच्या चाव्या कायमच्या पुसल्या जात. फोन रूट करायच्या, म्हणजे त्याच्या सिस्टिमचा पूर्ण ताबा घ्यायच्या, आधी हे माहीत असावं.

लॅपटॉपवर सिनेमा दिसतो, पण सोसायटीच्या प्रोजेक्टरला जोडला की पडदा काळा. आवाज मात्र येतो.

इथे एचडीसीपी आडवं आलं आहे. उलगडलेला व्हिडिओ एचडीएमआय केबलमधून जाताना पुन्हा एन्क्रिप्ट होतो आणि पलीकडचं यंत्र ओळखीचं आहे का, ते तपासलं जातं. 4के साठी एचडीसीपी 2.2 लागतं. जुना प्रोजेक्टर, स्वस्तातला स्प्लिटर किंवा व्हीजीएचा ॲडॉप्टर, यांपैकी कुठलाही दुवा कच्चा निघाला की चित्र बंद किंवा कमी दर्जाचं. मधली यंत्रं काढून थेट चांगल्या केबलने जोडून बघा. ड्रायव्हर अपडेट करणं ठीक, पण कुठली डीएलएल शोधत बसू नका.

(गणपतीत मंडपात सिनेमा दाखवायचा विचार असेल तर एक वेगळी गोष्ट: घरगुती ओटीटी खात्यावर सार्वजनिक खेळ करायला परवानगी नसते. पडदा काळा नसला तरी.)

स्क्रीनशॉट किंवा व्हिडिओ कॉलवर स्क्रीन शेअर केल्यावर येणारा काळा चौकोन याच कुळातला आहे. तो बिघाड नाही.

टास्क मॅनेजरमध्ये 'एमएफपीएमपी.ईएक्सई' दिसते. बंद करू?

गरज नाही. विंडोज व्हिस्टापासून संरक्षित व्हिडिओ वेगळ्या, बंदिस्त प्रोसेसमध्ये चालवला जातो, ती ही. सिनेमा संपला की जाते. सिस्टिम32 किंवा सिस्वाऊ64 सोडून दुसऱ्या फोल्डरातून चालत असेल तर मात्र अँटिव्हायरस फिरवा.

या फाइली माझ्यावर पाळत ठेवतात का?

आजच्या ब्राउझरमध्ये डीआरएमचा हा बंद डबा सँडबॉक्समध्ये, म्हणजे बाकी कॉम्प्युटरपासून वेगळ्या कुंपणात, चालतो आणि ईएमईच्या नियमानुसार एका साइटला दाखवलेली ओळख दुसऱ्या साइटला दिसता कामा नये. क्रोममध्ये साइट डेटा पुसला की साठवलेली लायसन्सं आणि ओळखीही जातात. पण आत काय चाललंय हे बाहेरून वाचता येत नाही, कारण कोड बंद आहे. विश्वास ठेवावा लागतो.

आणि विश्वास ठेवू नये अशी घटना घडलेली आहे. सोनी बीएमजी या संगीत कंपनीने 2005 मध्ये काही ऑडिओ सीडींवर एक्ससीपी नावाचं संरक्षण घातलं होतं. सीडी विंडोजमध्ये घातली की ते गुपचूप बसायचं आणि '$सिस$' ने सुरू होणारं कुठलंही फाइलनाव सिस्टिममधून अदृश्य करायचं. म्हणजे चक्क रूटकिट, सिस्टिममध्ये खोल लपून बसणारा प्रोग्राम. विंडोजचे जाणकार मार्क रुसिनोविच यांनी 31 ऑक्टोबर 2005 रोजी ते उघड केलं. काही दिवसांतच मालवेअरवाल्यांनी त्याच नावाच्या आडोशाला आपल्या फाइली लपवायला सुरुवात केली. कंपनीला सीडी परत घ्याव्या लागल्या, खटले झाले. गाण्याची सीडी लावली म्हणून कॉम्प्युटर असुरक्षित झाला! डीआरएमवर बोट ठेवणाऱ्यांना वेडं ठरवायची पद्धत त्यानंतर जरा कमी झाली.

लिनक्सवर काय परिस्थिती?

पूर्वीपेक्षा बरी. फाइलीचं नाव लिबवाइडवाइनसीडीएम.एसओ. लिनक्सवरच्या गूगल क्रोममध्ये ती येतेच, फायरफॉक्स परवानगी घेऊन उतरवतो. डिस्ट्रोच्या (लिनक्सच्या त्या त्या आवृत्तीच्या) साठ्यातल्या क्रोमियममध्ये, म्हणजे क्रोमच्या खुल्या रूपात, सहसा नसते, कारण ती मुक्त सॉफ्टवेअर नाही. रास्पबेरी पाय या छोट्या कॉम्प्युटरवर 2021 पासून अधिकृत पॅकेज आहे. हार्डवेअरची वरची पातळी मात्र साध्या लिनक्स डेस्कटॉपला मिळत नाही, म्हणून 4के चा हट्ट सोडा.

हे कुलूप तोडणं भारतात गुन्हा आहे का?

कॉपीराइट कायद्यात 2012 च्या दुरुस्तीने कलम 65अ आलं. हक्कभंग करण्याच्या हेतूने परिणामकारक तांत्रिक संरक्षण भेदलं, तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. यातला 'हेतू' हा शब्द महत्त्वाचा. अमेरिकेच्या 1998 च्या कायद्यात कुलूप तोडणं हाच मुळात दोष मानला जातो आणि मग अपवाद मोजले जातात. आपल्याकडे कायद्याने मना न केलेल्या कामासाठी, एन्क्रिप्शनच्या संशोधनासाठी किंवा सुरक्षेच्या तपासणीसाठी वाट मोकळी ठेवली आहे. मात्र दुसऱ्याला असं काम करून देणाऱ्याने त्या माणसाचं नाव-पत्ता वगैरे नोंदवून ठेवायला हवं, अशीही अट आहे. कलम वाचायला सोपं आहे, स्वतः वाचा. आणि प्रकरण खरंच अंगाशी आलं असेल तर हे पान सोडून वकील गाठा.

डीव्हीडी, ब्लू-रे आणि घरातल्या जुन्या व्हीसीडींचं काय?

डीव्हीडीवरचं सीएसएस नावाचं कुलूप फक्त 40 बिटांचं, आणि 1999 मध्येच फुटलेलं. नॉर्वेच्या ज्या मुलावर त्यासाठी खटला भरला, तो योन लेक योहान्सेन 2003 मध्ये निर्दोष सुटला. आज व्हीएलसी हा प्लेयर हे काम लिबडीव्हीडीसीएसएस नावाच्या लायब्ररीने करतं. उबुंटूत ती आयती येत नाही, लिबडीव्हीडी-पीकेजी पॅकेजमधून घ्यावी लागते.

4के ब्लू-रेचं दुखणं मोठं आहे. कॉम्प्युटरवर ती अधिकृतपणे लावायला इंटेलच्या प्रोसेसरमधली एसजीएक्स नावाची सुरक्षित कप्प्याची सोय लागायची, आणि 11 व्या पिढीपासून इंटेलने डेस्कटॉप प्रोसेसरमधून तीच काढून टाकली. म्हणजे नवा, महागडा कॉम्प्युटर घेतलात तर विकत घेतलेली डिस्क चालत नाही, जुन्यावर चालते.

व्हीसीडीला कुलूपच नसतं. मराठी नाटकांच्या आणि तमाशापटांच्या व्हीसीडी कपाटात असतील तर आतली .डीएटी फाइल व्हीएलसीमध्ये सरळ चालते. अडचण येते ती ओरखड्यांची, आणि लॅपटॉपला सीडी ड्राइव्ह नसण्याची. यूएसबीचा बाहेरचा ड्राइव्ह त्यासाठी पुरतो.